काळ वाकवणारी गुहा कशी रचावी: नव्या कथालेखकांसाठी

अद्भुत कथा लिहायला बसलेला नवा लेखक पहिल्या पाच कथांत एकदा तरी गुहेत शिरतो. नायक आत जातो, तासाभराने बाहेर येतो, बाहेर दोनशे वर्षं उलटलेली असतात, ओळखीचं कोणी उरलेलं नसतं, समाप्त. मीही अशी कथा लिहिली होती. ती छापून आल्यावर भूगोलाच्या एका निवृत्त शिक्षकांचं पोस्टकार्ड आलं. काळाच्या गमतीबद्दल त्यांची काहीच तक्रार नव्हती. त्यांनी एवढंच विचारलं होतं, "सह्याद्रीत आपणांस एवढे लवणस्तंभ कोठे सापडले?"

त्या पोस्टकार्डाने मला गुहा रचायला शिकवलं. खालच्या पायऱ्या त्यानंतर चुकत-माकत जमवलेल्या आहेत. उदाहरणासाठी एक काल्पनिक गुहा आपण सोबतच रचत जाऊ. तिचं नाव कोंबडघळ. ते नाव का, हे ओघात येईल.

पहिली पायरी: खडक ठरवा

काळ नंतर वाकवा. गुहा कुठल्या दगडात आहे, हे आधी ठरलं पाहिजे.

सह्याद्री बेसाल्टचा, म्हणजे आपल्या काळ्या पाषाणाचा. सुमारे साडेसहा कोटी वर्षांपूर्वी लाव्ह्याचे थरावर थर साचले आणि त्यातून तो घडला. या दगडात नैसर्गिक गुहा असते ती बहुधा घळ किंवा कपार. दोन कठीण थरांमधला मऊ थर पाण्याने झिजतो आणि वरचा थर छपरासारखा पुढे राहतो. अशी घळ रुंद असते, बुटकी असते, फार खोल जात नाही. खोल, काटकोनी, खांबांची काही दिसली तर ते लेणं, माणसाने छिन्नी-हातोड्याने कोरलेलं. घळ, कपार, लेणं, भुयार, विवर, टाकं हे सगळे वेगवेगळे शब्द आहेत आणि डोंगरात फिरणारा वाचक ते वेगवेगळेच वाचतो. सगळ्यांना 'गुहा' म्हणून मोकळं होऊ नका.

लवणस्तंभ हवे असतील तर चुनखडकात जायला हवं. पावसाचं पाणी मातीतून झिरपताना कार्बन डायऑक्साइड उचलतं, किंचित आम्लधर्मी होतं आणि चुनखडक विरघळवत खाली येतं. गुहेच्या छतातून थेंब लोंबला की त्यातला वायू निसटतो आणि चुन्याचा एक सूक्ष्म कण मागे राहतो. असे असंख्य थेंब पडल्यावर स्तंभ होतो, तोही वर्षाला मिलिमीटरच्या लहानशा अंशाने वाढत. यासाठी आंध्रातल्या बोरा किंवा बेलम गुहा पाहा. बेलमची मोजलेली लांबी ३,२२९ मीटर आहे. बस्तरमध्ये जगदलपूरजवळ कुटुमसर आहे, तिथल्या पाण्यात आंधळे मासे आहेत आणि पावसाळ्यात ती बंद ठेवतात. मेघालयात तर गुहांची जाळीच आहेत. खासी भाषेत गुहेला 'क्रेम' म्हणतात. क्रेम पुरी मात्र वालुकाश्मातली, आणि तरीही चोवीस किलोमीटरहून लांब.

आणि सह्याद्रीतच राहून चकाकी हवी असेल तर? बेसाल्टच्या पोकळ्यांत झिओलाइटचे स्फटिक असतात, पांढरे, पिसासारखे किंवा ठोकळ्यासारखे. पुण्याजवळच्या वाघोलीच्या खाणींत निळंशार कॅव्हान्साइट सापडतं, जगभरचे संग्राहक त्यासाठी जीव टाकतात. तुमच्या घळीच्या भिंतीत असा निळा ठिपका ठेवा. पोस्टकार्ड येणार नाही.

कोंबडघळ सह्याद्रीत, बेसाल्टमध्ये. तोंड रुंद, आत वीस पावलांवर एक काटकोनी वळण, त्यापुढे अर्धवट कोरलेलं लेणं. वळण लक्षात ठेवा, ते पुढे लागणार आहे.

दुसरी पायरी: गावाला गुहेबद्दल काय वाटतं ते लिहा

आपल्याकडे लेण्याची चौकशी केली की हमखास उत्तर मिळतं: पांडवांनी एका रात्रीत खोदलं. काम अर्धं का राहिलं? कोंबडा आरवला. ही कथा इतक्या गावांत आहे की तिच्याकडे कोणी लक्षच देत नाही. पण नीट ऐका, ही काळ वाकवण्याचीच कथा आहे. पाच माणसांनी एका रात्रीत डोंगर पोखरला म्हणजे ती रात्र ताणली गेली असणार. कोंबड्याने ती तोडली.

माझ्या घळीच्या गावात माणसं म्हणतात की इथला कोंबडा आरवलाच नाही. ताणलेली रात्र आत तशीच राहिली, म्हणून कोंबडघळ. गावकऱ्यांना एवढं स्पष्टीकरण पुरतं, मलाही पुरतं.

हरिश्चंद्रगडावर केदारेश्वराच्या गुहेत कंबरभर गार पाण्यात मोठं शिवलिंग आहे. भोवती चार खांब होते, त्यांतला एकच शाबूत उरला आहे. लोक म्हणतात, चार खांब म्हणजे चार युगं. तीन मोडले, चौथा मोडला की जग संपलं. गुहेत उभं राहून त्या एका खांबाकडे बघताना पाठीतून जी शिरशिरी जाते, ती कुठल्याही यंत्राच्या वर्णनाने येत नाही. तुमच्या गुहेसाठी अशी एक वस्तू शोधा, जिच्याकडे पाहून अडाणी माणसालाही काळ दिसेल.

तिसरी पायरी: प्रमाण ठरवा आणि मग त्याला हात लावू नका

'आत काळ हळू चालतो' एवढं पुरत नाही. किती हळू? वही घ्या आणि एकच आकडा लिहा.

मी जुन्या मापांकडे गेलो. एक घटिका म्हणजे २४ मिनिटं, तिची साठ पळं. एक प्रहर म्हणजे तीन तास. घटिका मोजायला घटिकापात्र असायचं, बुडाला बारीक भोक असलेली तांब्याची वाटी. पाण्यावर सोडली की हळूहळू भरत चोवीस मिनिटांत बुडते. लग्नाचा मुहूर्त याच वाटीवर पाहत. काळ पाण्याने मोजायचा ही कल्पना घळीला शोभते, म्हणून कोंबडघळीचा नियम केला: आत वाटी एकदा बुडाली की बाहेर एक प्रहर सरतो.

म्हणजे साडेसात पट. आतला एक दिवस बाहेरचे साडेसात दिवस. आतलं एक वर्ष बाहेरची साडेसात वर्षं.

साडेसाती! हे मी ठरवून केलं नव्हतं, हिशेबातून आपोआप निघालं. अशी भेट मिळाली की ती घ्यावी. गावात कोणी आजी म्हणेलच, "शनी त्या घळीतच बसलाय, तिथनं हलत नाही." पण मोहात पडण्याआधी हा आकडा कथेला झेपतो का ते तपासा. ती तपासणी सहाव्या पायरीवर आहे आणि तिथे हा आकडा जवळजवळ मेला होता.

चौथी पायरी: उंबरठा

नवे लेखक इथेच सर्वांत जास्त घसरतात. आत एक काळ, बाहेर दुसरा, मग मध्ये काय?

सीमा धारदार ठेवली तर माणूस ओलांडतानाच मरेल. एक पाय आत, एक बाहेर, आणि हृदय कुठल्या गतीने धडधडणार? म्हणून उतार ठेवा. कोंबडघळीत तोंडापासून वळणापर्यंतच्या वीस पावलांत फरक हळूहळू वाढतो आणि वळणापाशी पुरा साडेसात पट होतो.

आवाजाचं काय? आतल्या पुरुषाचा आवाज साधारण १२० हर्ट्झचा, म्हणजे सेकंदाला १२० कंपनांचा, धरा. साडेसात पट मंदावला की तो १६ हर्ट्झवर उतरतो, आणि आपला कान साधारण २० हर्ट्झच्या खाली ऐकत नाही. म्हणजे आतला माणूस कितीही ओरडला तरी बाहेरच्याला ऐकू येणार नाही, फार तर छातीत काही घुमल्यासारखं वाटेल. उलट बाहेरून मारलेली हाक आत ९०० हर्ट्झवर पोचेल, पाखराच्या घाईघाईच्या चिवचिवाटासारखी. "दादा" ही हाक आत चिमणी बनून येते. हे मला कुठल्याही कल्पनाशक्तीने दिलं नसतं, भागाकाराने दिलं.

प्रकाशाचंही तेच. आतल्या विजेरीचा उजेड बाहेर येताना अवरक्त होतो, डोळ्याला दिसत नाही. आत कोणी दिवा लावून बसलेलं असलं तरी घळीचं तोंड काळंच. बाहेरून आत जाणारं ऊन उलट्या दिशेला सरकून अतिनील होईल, अंग भाजेल. ते काटकोनी वळण ठेवलं होतं ना, ते यासाठी. ऊन वळणापलीकडे पोचतच नाही. शेवटच्या पावलांवर थांबून कोणी तोंडाकडे पाहिलंच, तर बाहेरचा बारा तासांचा दिवस त्याला सुमारे दीड तासात उजाडून मावळताना दिसेल. मावळणाऱ्या दिवसांकडे असं बघत उभा राहणारा माणूस कथेत एकदाच वापरा. दोनदा वापरलात तर तो देखावा होतो.

यातलं सगळं कथेत लिहू नका. वहीत असू द्या. वाचकाला फक्त वळण, चिमणी आणि अंधार दिसला पाहिजे.

पाचवी पायरी: खऱ्या गुहा काळाचं काय करतात ते वाचा

जादू नसलेली गुहासुद्धा माणसाचा काळ वाकवते. याचे पुरावे आहेत आणि ते कुठल्याही कल्पित कथेहून विचित्र आहेत.

मिशेल सिफ्र हा फ्रेंच भूवैज्ञानिक १६ जुलै १९६२ रोजी फ्रान्स-इटलीच्या सीमेवरच्या आल्प्समध्ये, स्कारासाँच्या हिमगुहेत उतरला. तेव्हा तो तेवीस वर्षांचा होता. सोबत घड्याळ नाही, सूर्यप्रकाश नाही. उठला, जेवला, झोपायला निघाला की तो वर फोन करायचा. वरच्यांनी त्याला आपणहून फोन करायचा नाही, नाहीतर वेळेचा सुगावा लागेल. १४ सप्टेंबरला वरच्यांनी कळवलं की मुदत संपली. सिफ्रच्या हिशेबात तेव्हा २० ऑगस्ट होता. साठ दिवसांतले पंचवीस दिवस त्याच्यापुरते घडलेच नव्हते.

त्याची एक चाचणी होती: सेकंदाला एक या गतीने १२० पर्यंत मोजायचं. त्याला वाटायचं दोन मिनिटं झाली. वरच्या घड्याळात पाच झालेली असायची.

पुढे १९७२ साली तो टेक्सासच्या मिडनाइट केव्हमध्ये सहा महिन्यांहून अधिक काळ एकटा राहिला. एकटेपणात त्याला एका उंदराचा लळा लागला. त्याला पकडायला भांडं झाकायला गेला आणि उंदीर त्याच भांड्याखाली चिरडून मेला. काळावर लिहिणाऱ्याने हा उंदीर विसरू नये.

१९८९ मध्ये इटलीची स्तेफानिया फोलिनी न्यू मेक्सिकोत कार्ल्सबादजवळच्या गुहेत १३० दिवस राहून मे महिन्यात बाहेर आली. तिला वाटत होतं मार्च चालू आहे. तिची मासिक पाळी थांबली होती, वजन उतरलं होतं. २०२१ मध्ये पंधरा जण फ्रान्सच्या लोंब्रीव गुहेत चाळीस दिवस एकत्र राहिले. बाहेर आले तेव्हा अनेकांचा अंदाज महिनाभराचा होता. त्याआधी १९३८ साली निद्रेचा अभ्यासक नॅथनियल क्लाइटमन आणि त्याचा विद्यार्थी केंटकीच्या मॅमथ केव्हमध्ये ३२ दिवस राहिले. त्यांना २८ तासांचा दिवस जमतो का ते पाहायचं होतं. तरुण विद्यार्थ्याला जमला, गुरुजींना जमला नाही.

यातून लेखकाने काय घ्यायचं? चूक बहुतेक एकाच दिशेने होते. अंधारात एकटा असलेला माणूस गेलेला वेळ कमी मोजतो. म्हणजे तुमच्या गुहेत दोन फरक एकावर एक बसतात: गुहेचा आणि मनाचा. सिफ्र कोंबडघळीत राहिला असता तर त्याला पस्तीस दिवस वाटले असते, अंगावरून साठ गेले असते आणि बाहेर साडेचारशे. तिन्ही आकडे वहीत हवेत. नवा लेखक पहिला आणि तिसरा लिहितो, मधला विसरतो. दाढी मात्र मधल्या आकड्याप्रमाणे वाढते, आणि वाचक दाढी बघतो.

विज्ञान घालायचं का?

ही पायरी ऐच्छिक आहे, माझं मत 'नको'. पण घालणारच असाल तर खरं घाला.

खोल जागी घड्याळ खरंच हळू चालतं. आइन्स्टाइनच्या सिद्धांतानुसार गुरुत्वाकर्षणाच्या उगमाच्या जितकं जवळ, तितका काळ मंद. २०२० साली जपानी शास्त्रज्ञांनी टोकियो स्कायट्री मनोऱ्याच्या पायथ्याशी आणि ४५० मीटर वर अशी दोन अतिसूक्ष्म घड्याळं ठेवून हा फरक मोजला. दिवसाला सुमारे चार नॅनोसेकंद! जगातल्या सर्वांत खोल ज्ञात गुहांत गणली जाणारी अबखाझियातली व्हेरोव्हकिना २,२०० मीटरहून खोल आहे. तिच्या तळाशी वर्षभर बसलात तर वरच्यापेक्षा साधारण साडेसात मायक्रोसेकंद मागे पडाल. एक सेकंद मागे पडायला सव्वा लाखाहून जास्त वर्षं बसावं लागेल.

साडेसात मायक्रोसेकंद. हा आकडा पाहून मी खुर्चीतून उठलो होतो. गुहा खरंच साडेसाती देते, फक्त फार चिल्लर देते. खरी साडेसात पट हवी असेल तर कृष्णविवराच्या काठाला चिकटून बसावं लागेल, आणि ते मावळात मिळत नाही. म्हणून कोंबडा बरा.

सहावी पायरी: भाकरीचा हिशेब

आता ती तपासणी. माझ्या कथेतला म्हादू आत लपतो. सावकाराच्या भांडणात हात उगारला गेलाय, मागे माणसं लागलीत. त्याला वाटतं, एक वर्ष काढू, प्रकरण थंड होईल. वर्षभर खाणार काय?

इथे आकडा मरणार होता. मग वाटलं, खायला कोणीतरी आणून देत असेल. धाकटा भाऊ किसन. म्हादू दिवसातून दोनदा जेवतो. आतला दिवस म्हणजे बाहेरचे साडेसात, म्हणजे किसनाला पावणेचार दिवसांनी एक फडकं न्यायचं आहे. आठवड्यातून साधारण दोनदा. बाजारहाटासारखं. साडेसात वर्षं.

आणि फडकं घळीच्या तोंडाशी ठेवून चालणार नाही. म्हादू आतल्या दिवसातून एकदाच तोंडाशी आला तर तोवर भाकरी बाहेरच्या हिशेबाने आठवडाभर पडून बुरसलेली असेल. किसनाला वळणापर्यंत आत जावंच लागेल. तिथे दहा मिनिटं टेकला की बाहेर सव्वा तास उडतो. घरी गेल्यावर बायको म्हणते, "एवढा वेळ?" साडेसात वर्षांतल्या ७३० फेऱ्या अशा मोजल्या तर किसनाही महिनाभराने कमी म्हातारा झालेला असतो. बायकोला ते काही सांगता येत नाही.

हे लिहीपर्यंत माझी कथा म्हादूची होती. भाकऱ्या मोजल्यावर ती किसनाची झाली. तुमच्याही कथेत असं होऊ द्या. आत जाणाऱ्याला काही विशेष घडत नाही, तो फक्त बसतो. साडेसात वर्षं कोणाच्या अंगावरून जातात ते पाहा आणि तिथे लिहायला बसा.

सातवी पायरी: कागदपत्रं

अद्भुत कथेला तलाठी लागतो, हे मला उशिरा कळलं.

सात वर्षं एखाद्या माणसाची खबरबात त्याच्या नेहमीच्या लोकांना लागली नाही, तर तो जिवंत आहे हे सिद्ध करायची जबाबदारी तसं म्हणणाऱ्यावर येते. जुन्या भारतीय पुरावा कायद्यात हे कलम १०८ होतं, नव्या कायद्यातही तरतूद टिकून आहे. आपल्या रूढीत बारा वर्षं बेपत्ता असलेल्याचा पालाशविधी करतात, पळसाच्या पानांचा पुतळा करून त्याला अग्नी देतात. आता कोंबडघळीचा आकडा यापुढे ठेवा. आतले अकरा महिने आणि आठवडाभर म्हणजे बाहेरची सात वर्षं. म्हणजे म्हादू ठरल्याप्रमाणे वर्ष काढून बाहेर येतो तेव्हा कायद्याच्या लेखी त्याला मेलेला ठरवता येण्याची मुदत सहा महिन्यांपूर्वीच उलटलेली असते.

आणि तो जिवंत आहे हे एकाच माणसाला माहीत आहे. जो आठवड्यातून दोनदा भाकरी नेतो. जमीन दोघांच्या नावावर आहे, बँकेचं कर्ज काढायचं आहे, म्हादूची पोर लग्नाला येतेय, आणि सातबाऱ्यावरचं नाव कमी केल्याशिवाय काहीच हलत नाही. किसन न्यायालयात जाऊन शपथेवर सांगतो की भावाची सात वर्षं खबर नाही. येताना भाकरी घेऊन जातो.

यात काळाचं कुठलंच नवल नाही, फेरफार नोंदीचं आहे. पण ते आकड्यातून निघालं. प्रमाण दहा पट असतं तर मुदत आतल्या साडेआठ महिन्यांतच उलटली असती, मग ही कोंडी वेगळी झाली असती.

आठवी पायरी: फरक अंगावर दाखवा

'साडेसात वर्षं लोटली' हे वाक्य कथेत लिहू नका. आपली पुराणं या बाबतीत फार हुशार आहेत.

मुचुकुंद राजा देवांसाठी लढून थकला, झोपेचा वर मागून गुहेत झोपला. युगं गेली. कृष्णाचा पाठलाग करत कालयवन गुहेत शिरला, झोपलेल्याला लाथ मारली आणि मुचुकुंदाच्या दृष्टीने जळून राख झाला. मुचुकुंद बाहेर आला तेव्हा त्याला कोणी वर्ष सांगितलं नाही. त्याला माणसं, जनावरं, झाडं सगळी लहान झालेली दिसली. त्यावरून तो समजला की कलियुग आलं.

ककुद्मी राजा मुलीला, रेवतीला, घेऊन तिच्यासाठी वर विचारायला ब्रह्मलोकी गेला. तिथे गंधर्वांचं गाणं चाललं होतं. गाणं संपेपर्यंत थांबले, मग विचारलं. ब्रह्मदेव हसले, खाली सत्तावीस चतुर्युगं होऊन गेली होती. परत आल्यावर रेवतीचं लग्न बलरामाशी झालं, पण ती जुन्या युगाची, त्याच्याहून फार उंच. त्याने नांगराच्या टोकाने तिला खाली ओढून घेतलं. सत्तावीस चतुर्युगांचा फरक एका जोडप्याच्या उंचीत!

आणि एक अगदी खरी गोष्ट. अजिंठ्याच्या दहाव्या लेण्यात जॉन स्मिथ नावाच्या इंग्रज लष्करी अधिकाऱ्याने २८ एप्रिल १८१९ ला आपलं नाव कोरलं. आज ते नाव माणसाच्या डोळ्यांपेक्षा बरंच वर आहे. स्मिथ राक्षस नव्हता. शतकानुशतकं आत साचलेल्या मातीच्या ढिगावर तो उभा होता, ढीग नंतर काढला गेला. त्या भिंतीपाशी उभं राहून मान वर करा. काळ किती जाड असतो ते दिसतं.

कोंबडघळीतून म्हादू बाहेर येतो तेव्हा काय दिसावं यावर मी बरेच दिवस घालवले. शेवटी वयांचा हिशेब मांडला. आत जाताना म्हादू ३८, किसन ३३. बाहेर येताना म्हादू ३९, किसन साडेचाळीस. धाकटा आता मोठा आहे. मराठीत हे नुसतं गणित राहत नाही, हाक मारायची पंचाईत होते. प्रसंग एवढाच लिहिला:

किसन पायवाटेवर उभा होता. कानशिलं पांढरी झाली होती. म्हादूने त्याला ओळखलं, पण क्षणभर बाप उभा आहे असं वाटून त्याने हात जोडले.

"हात कशाला जोडतोस, दादा?"

"तू... किस्ना?"

"चल. आई वाट बघतीय. तिला कमी दिसतं आता. जवळ जाऊन बोल."

दोन पावलं चालल्यावर म्हादू म्हणाला, "किस्ना, तू मला अजून दादाच म्हणनार व्हय?"

किसन थांबला नाही. "कागदावर तू वारलायस. वारलेल्याचं वय वाढत नाही. पन दादाला काय म्हनायचं दुसरं?"

शेवटची पायरी: जाऊन या

कथा पाठवण्याआधी एखाद्या लेण्यात किंवा घळीत अर्धा तास बसून या. एकटे जाऊ नका. पावसाळ्यात निसरड्या घळींच्या वाट्याला जाऊ नका. कपारीला आग्या मोहोळ लटकलंय का ते आधी पाहा, असेल तर धूर, अत्तर, आरडाओरडा काही नको, आल्या पावली फिरा. वटवाघळं असतील तर त्यांच्यावर प्रकाश मारू नका, त्यांच्या विष्ठेने भरलेल्या कोंदट जागी तर बसूच नका. संरक्षित लेण्यात असाल तर भिंतींना हात लावू नका. स्मिथने एकदा नाव कोरलं, तेवढं पुरे.

फोन आणि घड्याळ सोबत्याकडे देऊन त्याला तोंडाशी थांबवा. आत जा, विजेरी बंद करा, सिफ्रसारखं सेकंदाला एक असं १२० पर्यंत मोजा. मग नुसते बसा. अर्धा तास झाला असं वाटलं की उठा.

बाहेर आल्यावर घड्याळ लगेच मागू नका. सोबत्याला आधी विचारा, तुला किती वेळ वाटला, आणि तेवढ्या वेळात त्याने काय काय केलं. तो जे सांगेल ते शब्दशः वहीत उतरवा. तुमचं आतलं नंतर लिहिता येईल.